हसण्याची पोच

हे मनन सावकाश वाचायचं आहे. जमलं तर दिवेलागणीच्या थोडं आधी. एकटे असाल तर मनात वाचा. सोबत कोणी असेल तर एकानं वाचावं, बाकीच्यांनी ऐकावं. जिथे ‘थांबा’ म्हटलं आहे तिथे खरंच थांबा. घाईत असाल तर आज राहू द्या, उद्या वाचा.

बसा. ओट्यावर, खुर्चीवर, खाटेवर, जसं जमेल तसं. पाठ भिंतीला टेकली तरी चालेल. हातात कापसाचं फुटलेलं बोंड असेल तर फार छान. नसेल तर देवघरातली एक वात घ्या आणि तळहातावर ठेवा. तिचं वजन जाणवत नाही, तरी ती आहे. तेवढ्यावरच लक्ष असू द्या.

श्वास आत येऊ द्या. बाहेर जाऊ द्या. श्वास आत घेणं संपतं आणि बाहेर सोडणं सुरू होतं, त्या दोन्हींमध्ये एक बारीकशी जागा असते. तिथे काहीच घडत नाही. आजचं सगळं मनन त्या जागेबद्दल आहे.

थांबा. पाच-सहा श्वास जाऊ द्या.

*

आता मनानं नाचणगावला चला. वर्धा जिल्हा, देवळी तालुका. मुंबईहून नागपूरकडे जाणारी गाडी वर्धा नदी ओलांडते आणि पुलगाव येतं. नाचणगाव पुलगावला लागूनच. दिवस कार्तिकातले धरू. पऱ्हाटी फुटली आहे. वेचणी करून बाया धुऱ्याधुऱ्यानं परत येताहेत. कमरेच्या ओटीत कापूस आणि बोटांच्या टोकांना ओरखडे, कारण फुटलेल्या बोंडाच्या वाळलेल्या पाकळ्या टोचतात. पांढरं मऊ हाताला लागावं म्हणून आधी टोचून घ्यावं लागतं.

एकीनं काहीतरी म्हटलं. काय म्हटलं ते लांबून ऐकू येत नाही. क्षणभर सगळ्या गप्प. मग एकदम हशा. डोक्यावरचा पदर तोंडाशी गेला, एकीची ओटी सुटता सुटता राहिली.

हसण्याच्या आधीचा तो गप्पपणा पाहिलात? पुन्हा पाहा. ती बोलली आणि लगेच हशा आला, असं झालेलं नाही. बोलणं आणि हसू यांच्यामध्ये एक रिकामी जागा होती. ऐकणारीच्या मनात शब्द पोचला, उलटा झाला, आणि मग हसू वर आलं. बोलणारीनं तेवढा वेळ दिला. घाईनं पुढचं वाक्य टाकलं असतं तर हशा झालाच नसता.

हे त्या बाईला कोणी शिकवलं नाही. दंडारीत, खडी गंमतीत डफाच्या तालावर उभ्यानं सोंग करणाऱ्यांनाही कोणी शाळेत घालून शिकवलं नव्हतं. नाटकवाले त्याला आता ‘पॉज’ म्हणतात, ‘टायमिंग’ म्हणतात. आपण आज त्याला नुसतं थांबणं म्हणू.

थांबा.

*

तळहातावरच्या कापसाकडे परत या. हा कापूस इथेच राहत नाही. १८६७ साली रेल्वे नागपूरपर्यंत पोचली आणि या काळ्या जमिनीतल्या कापसाला मुंबईची वाट मिळाली. आर्वीहून पुलगावला येणारी छोटी गाडीसुद्धा कापूस वाहण्यासाठीच टाकलेली. जिनिंगमध्ये सरकी निघायची, रुईच्या गाठी बांधल्या जायच्या आणि मुंबईच्या गिरण्यांकडे रवाना व्हायच्या.

त्या गिरण्यांच्या भोवती चाळी उठल्या. नायगावच्या तशाच गिरणी कामगारांच्या वस्तीत ८ ऑगस्ट १९३२ रोजी एक मुलगा जन्मला. नाव कृष्णा. कोंडके घराणं मूळचं भोर तालुक्यातल्या इंगवलीचं. मुलगा वाढला, बँडपथकात वाजवू लागला, अपना बाजारमध्ये नोकरीला लागला, सेवादलाच्या कलापथकात रमला. पुढे सगळा महाराष्ट्र त्याला दादा कोंडके म्हणू लागला.

कापूस इथून तिकडे गेला. हसू तिकडून इथे आलं. हा हिशेब मनात ठेवा, शेवटी लागेल.

*

आता एका नाट्यगृहात शिरा. साल १९६५ किंवा त्यापुढचं कुठलंही. वसंत सबनीसांचं लोकनाट्य चालू आहे, ‘विच्छा माझी पुरी करा’. ढोलकी थांबली. दादा हवालदार झाले आहेत. या लोकनाट्याचे पंधराशेहून जास्त प्रयोग झाले, पण तुम्ही फक्त आजच्या प्रयोगाला आहात. त्यातही फक्त एका वाक्याला.

हवालदार वाक्य बोलतो. बोलून झाल्यावर तोंड पुरतं मिटत नाही. मान किंचित पुढे, डोळे मोठे. आपण काय बोललो ते त्याला स्वतःलाच कळलेलं नाही, असा चेहरा. आणि तो थांबतो.

पहिल्या रांगेत शांतता. मागून एक जण हसतो. मग दोघं. मग मधल्या रांगा. हसू मागून पुढे येतं, छतापर्यंत चढतं. हवालदार अजून तसाच उभा आहे. मग हशा उतरणीला लागतो. पुरता संपण्याआधी, शेवटची काही माणसं अजून हसत असतानाच, तो पुढचं वाक्य टाकतो. आधी टाकलं असतं तर हशात बुडालं असतं. उशीर केला असता तर गार पडलं असतं.

हा थांबा रोज सारखा नसतो. आज गिरणीचा पगार झाला असेल तर प्रेक्षक लवकर हसतो. पावसात भिजून आला असेल तर त्याला वेळ लागतो. बतावणीत त्या दिवसाच्या वर्तमानपत्रातलं काही घातलं तर अंदाज पुन्हा बदलतो. म्हणून रंगमंचावरचा विनोदी नट बोलताना दिसत असला तरी जास्त वेळ ऐकत असतो. हजार माणसांचा श्वास तो कानानं मोजतो.

स्वतःकडे वळा. आज दिवसभरात तुम्ही कोणाशी बोललात? बोलून झाल्यावर समोरच्याला पोचायला किती वेळ दिलात? उत्तर शोधू नका, प्रश्न नुसता समोर राहू द्या.

थांबा.

*

जागा बदलू या. १९६९. भालजी पेंढारकरांचा ‘तांबडी माती’. दादा पहिल्यांदा मोठ्या पडद्यासाठी उभे राहिले आहेत.

दिवे लागले. ‘सायलेन्स’ अशी हाक आली. कॅमेरा फिरू लागला. आणि आता एक उलटी गोष्ट घडते, ती नीट पाहा. चित्रीकरणात हसणं हा गुन्हा आहे. दिवेवाला हसला तर शॉट वाया. मेकअपवाला हसला तर शॉट वाया. विनोद जितका चांगला, तितकी माणसं तोंडावर हात दाबून उभी. रंगमंचावर ज्या हशावर नट उभा असतो, तोच हशा इथे बाहेर ठेवलेला.

मग तो थांबणार कशाच्या आधारावर? मागच्या रांगेतला पहिला हसणारा इथे नाही. चढता हशा नाही, उतरता हशा नाही. नटाला तो मनात ऐकावा लागतो. अजून न जमलेल्या प्रेक्षकांसाठी जागा सोडून ठेवावी लागते, जसं लग्नाच्या पंगतीत न आलेल्या पाहुण्याचं पान मांडून ठेवतात. जागा कमी पडली तर थेटरातल्या हशात पुढचा संवाद ऐकू येणार नाही. जास्त झाली तर पडद्यावरचा माणूस खुळ्यासारखा वाट पाहत राहील.

दादांना ती जागा सोडता आली, कारण शेकडो रात्रींचा हशा त्यांच्या कानात साठला होता. १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ आला. साधाभोळा नाम्या, त्याची करारी आई, तमाशातली कलावती. मग ‘एकटा जीव सदाशिव’, ‘आंधळा मारतो डोळा’, १९७५ मध्ये ‘पांडू हवालदार’. लागोपाठ नऊ चित्रपट रौप्यमहोत्सवी झाले. म्हणजे प्रत्येक चित्रपट पंचवीस आठवडे चालला, आणि गिनीज बुकात त्याची नोंद झाली. ‘पांडू हवालदार’च्या संगीतासाठी रामलक्ष्मण ही जोडी दादांनी पुढे आणली. त्यातले लक्ष्मण म्हणजे विजय पाटील, नागपूरचे. आपल्याकडचा एक सूर असा त्या पडद्यावर पोचला होता.

*

आता अंधारात बसा. विदर्भातल्या कुठल्याही गावाचं तंबूतलं थेटर घ्या. दोराच्या एका बाजूला बाया, दुसऱ्या बाजूला माणसं. खाली सतरंजी, नाहीतर घरून आणलेलं पोतं. मागे प्रोजेक्टरचा खरखराट, त्याच्या झोतात उडणारी धूळ आणि किडे. एकच यंत्र, म्हणून रीळ बदलताना दिवा लागतो आणि पोट्टे शिट्ट्या मारतात.

पडद्यावर नाम्या आला. अंगावर ढगळ अर्धी चड्डी. तिची नाडी गुडघ्यापर्यंत लोंबते आहे.

त्या नाडीकडेच पाहा. तिला संवाद नाही. तो चालला की ती हलते, थांबला की क्षणभर हलत राहून मग थांबते. ज्याच्या आईनं सकाळी ओरडून कपडे घातले असतील आणि ज्यानं तेवढ्यातही नाडी खोचायची राहू दिली, असा हा पोरगा आहे. वाढलेल्या देहातलं लेकरू. हे सांगायला लेखकाला पानभर लागलं असतं. सुताच्या एका वीतभर तुकड्यानं ते सांगून टाकलं. आणि सूत म्हणजे तुमच्या तळहातावर आहे तेच.

थांबा. बोटांनी कापूस थोडा पिळा. बघा, धागा होऊ लागतो.

इथे एक काटा आहे, तो टाळायचा नाही. दादांच्या द्व्यर्थी संवादांवर पुष्कळ लोक रागावले. सेन्सॉर बोर्डाशी त्यांचे खटके उडाले. सुशिक्षित घरांतून ‘आपण असले सिनेमे बघत नाही’ असं म्हटलं जाई, आणि म्हणणाऱ्यांपैकी काही जण अंधारात हळूच येऊन बसत. दादांची युक्ती अशी होती की नाम्याला दुसरा अर्थ माहीतच नसायचा. तो निरागस चेहऱ्यानं उभा, अर्थ लावणारे आपण. हे खरं आहे. आणि हेही खरं आहे की त्या हशात कित्येकदा पडद्यावरच्या बाईचं शरीर हाच विनोद असे, आणि दोराच्या पलीकडे बसलेल्या बायांना तेव्हा काय वाटलं, हे फार कोणी विचारलं नाही. दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी ठेवा. एक दुसरीला पुसत नाही. बोंडाचं टोचणंही खरं, रुईही खरी.

*

तंबूत हशा उठला. पार मागच्या कनातीपर्यंत. एक म्हातारी डोळे पुसते आहे. दिवसभर ओणवं होऊन कंबर धरलेली बाई कंबर विसरली आहे.

आता मी तुम्हाला ज्या जागी आणायचं ठरवलं होतं, तिथे आपण आलो. हा हशा कोणाला ऐकू येतो?

पडद्याला येत नाही. प्रोजेक्टरला येत नाही. ज्यानं हसवलं तो त्या रात्री मुंबईत असेल, कोल्हापुरात असेल, पुढच्या चित्रपटाच्या हिशेबात असेल, किंवा एकटाच खोलीत बसलेला असेल. त्यांचं आयुष्य अनिता पाध्ये यांनी शब्दांत मांडलं, त्या पुस्तकाचं नाव ‘एकटा जीव’ आहे. नाटकातला हशा त्यांना लगोलग मिळत होता. पंचवीस आठवडे चाललेल्या चित्रपटाचे आकडे मिळत होते, पैसे मिळत होते. पण आपल्या गावातल्या त्या म्हातारीचं हसू त्यांच्या कानापर्यंत आलं नाही. त्या हसण्याची पोच गेली नाही.

थांबा. इथे जास्त वेळ थांबा.

*

या जागेवर उभ्या असलेल्या आणखी दोघांकडे पाहू.

एक राजा गोसावी. १९५२ साली राजा परांजपे यांचा ‘लाखाची गोष्ट’ आला आणि राजाभाऊ नायक झाले. मराठी सिनेमाच्या गप्पांत त्यांचा एक किस्सा कायम निघतो. पुण्याच्या भानुविलास चित्रपटगृहात ते तिकिटं विकायचं काम करत होते आणि स्वतःच्याच चित्रपटाची तिकिटं त्यांनी खिडकीतून विकली. तो माणूस डोळ्यांसमोर आणा. हातात सुटे पैसे, समोर रांग, आणि पाठीमागच्या बंद दाराआडून येणारा हशा. चित्रपटाच्या नटाला क्वचित मिळणारी गोष्ट त्यांना मिळाली. दाराआडून का होईना, पोच मिळाली.

दुसरा लांबचा. इटलीतल्या नेपल्स शहराचा तोतो. जन्म १८९८. ढगळ कोट, जुनाट टोपी, कळसूत्री बाहुलीसारखे तुटक हलणारे हातपाय. आपल्या सोंगाड्यासारखाच हाही रंगमंचावरच्या ऐनवेळच्या विनोदात घडला आणि मग सिनेमात गेला. १९५७ मध्ये पालेर्मोत नाटकाचा दौरा चालू असताना त्याची दृष्टी गेली, जवळजवळ पूर्ण. रंगमंच सुटला. पण सिनेमा सुटला नाही. पुढची दहा वर्षं तो कॅमेऱ्यासमोर उभा राहत गेला. दिवे लागण्याआधी काळा चष्मा काढायचा आणि न दिसणाऱ्या जागेत अचूक पाऊल टाकायचा. प्रेक्षक दिसत नाही, ऐकू येत नाही, समोरचा नटही धूसर. तरी जागा सोडायची ती बरोबर सोडायची.

एप्रिल १९६७ मध्ये तो गेला. त्याचे अंत्यसंस्कार तीनदा झाले. एकदा रोममध्ये, एकदा नेपल्समध्ये, आणि तिसऱ्यांदा नेपल्समधल्या ज्या गरीब वस्तीत तो जन्मला, तिथल्या लोकांनी केले. तिसऱ्या वेळी पेटी रिकामी होती. तरी माणसं लोटली.

त्या रिकाम्या पेटीमागे चालणाऱ्या लोकांना काय द्यायचं होतं? मला वाटतं, पोच. आयुष्यभर हसलो, ते तुला सांगायचं राहिलं होतं, ते आता सांगतो. पेटीत ऐकणारा नव्हता. पण सांगणाऱ्याला सांगितल्याशिवाय राहवत नव्हतं.

राजा गोसावी २८ फेब्रुवारी १९९८ रोजी गेले. दादा कोंडके १४ मार्च १९९८ रोजी. मध्ये फक्त दोन आठवडे.

थांबा.

*

आता पडदा, तंबू, नट सगळं बाजूला ठेवा. आपल्या घरात या.

तुमच्या घरात कोणीतरी हसवणारं होतं. आठवा. नाव मनात येऊ द्या. जेवताना नकला करणारा आजा असेल. लग्नघरात पाय ठेवताच सगळ्यांचा ताण उतरवणारी मावशी असेल. शेजारचा काका असेल, शाळेतला बाकसोबती असेल. त्याचं एखादं ठरलेलं वाक्य असेल, जे बाहेरच्या कोणाला सांगितलं तर हसू येणार नाही, पण घरात अजून चालतं.

एखादं वाईट वर्ष आठवा. कापूसवाल्या घरांना २०१७ आठवेल. गुलाबी बोंडअळीनं तेव्हा विदर्भाची उभी पऱ्हाटी पोखरली. बाहेरून बोंड धड, आत किडकी रुई. तशा वर्षी संध्याकाळी घरात कोणी बोलत नाही. भांड्यांचाच आवाज. आणि मग कोणीतरी, ज्याच्यावर त्याच कर्जाचा वाटा होता, तोच माणूस काहीतरी म्हणतो. क्षणभर शांतता. मग एक पोर फिसकन हसतं. मग आई. मग ज्याला हसायचंच नव्हतं तो बापही.

त्या हशानं कर्ज फिटलं नाही. अळी मेली नाही. पण त्या रात्री माणसं जेवली.

ज्यानं हसवलं त्याच्या चेहऱ्याकडे पाहा. तो स्वतः हसतो आहे का? की तो तुमचं हसणं ऐकतो आहे, हवालदारासारखा, मान किंचित पुढे करून? त्यानं तुमच्यासाठी जागा सोडली होती. तुम्ही ती हशानं भरलीत आणि ताटावरून उठलात. मोठे झालात, गाव सोडलंत, नागपूर, पुणे, मुंबई केलंत. तो मागे राहिला.

त्याला कधी सांगितलं का?

थांबा. या प्रश्नापाशी जितका वेळ बसवेल तितका बसा.

*

आता हळूहळू परत यायचं आहे. तळहातावरच्या कापसाला पुन्हा वजन आहे का बघा. नाहीच. तरी कोणीतरी ओणवं होऊन, बोटं खरचटून तो वेचला आहे. तो वेचणारीला ठाऊक नाही की आज तो तुमच्या हातात आहे. तिलाही पोच गेलेली नाही.

सगळ्यांना पोच देता येत नाही. दादांना आता देता येणार नाही, तोतोला नाही, त्या अनोळखी वेचणारीला नाही. हे मान्य करून श्वास सोडा. जे मिळालं ते मिळालं, एवढं कबूल करून ठेवणं हीसुद्धा थोडी पोच आहे.

पण मघाशी जे नाव मनात आलं, ते माणूस अजून असेल तर गोष्ट वेगळी. त्याला मोठं भाषण नको. ‘तुम्ही ते म्हणायचे ना, ते आज आठवलं आणि हसू आलं,’ इतकंच पुरे. सांगून झाल्यावर गप्प राहा. फोनच्या पलीकडे त्याला पोचायला थोडा वेळ लागेल. तेवढी जागा सोडा, त्यानंच तर शिकवली आहे.

डोळे उघडा. वात घेतली असेल तर समईत लावा. बोंड असेल तर कोनाड्यात ठेवा. मग फोन करा, आणि आठच्या आत करा. गावाकडची माणसं लवकर निजतात.